केल्ट मूळचे कुठले? त्याआधी, केल्ट म्हणायचं कोणाला?

डब्लिनमध्ये नोकरीला असलेल्या एका वाचकाने विचारलं आहे: "इथे दुकानादुकानात 'केल्टिक' काहीतरी विकायला असतं. कुठल्याशा पुस्तकात वाचलं होतं की केल्ट लोक मध्य युरोपातून इकडे आले. ऑफिसातला आयरिश सहकारी म्हणतो, छे, आमचे पूर्वज स्पेनहून आले. आणि आमच्या नातेवाइकांच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर फिरतंय की ड्रुइड, म्हणजे केल्टांचे ते पुरोहित-पंडित, हे द्रविडच, केल्ट मूळचे भारतातलेच. खरं काय?"

पुस्तकातलं अर्धं बरोबर आहे. सहकाऱ्याची गोष्ट अकराव्या शतकातल्या आयरिश विद्वानांनी जुळवलेली आहे. ग्रुपवरचा संदेश चूक आहे, पण त्याच्या शेजारीच एक खरी गोष्ट पडलेली आहे आणि ती त्या संदेशाहून कितीतरी मजेदार आहे. तौलनिक भाषाशास्त्र शिकवण्यात माझी तीसेक वर्षं गेली, त्यातली बरीच जुन्या आयरिशच्या नादात. त्यामुळे मी भाषेच्या बाजूने झुकणार हे आधीच सांगून ठेवते.

उच्चाराचं आधी उरकू. ग्लासगोचा फुटबॉल क्लब आणि बॉस्टनचा बास्केटबॉल संघ 'सेल्टिक'. बाकी सगळीकडे 'केल्टिक'. ग्रीकांनी 'केल्तोई' लिहिलं, लॅटिनमध्येही 'क'च होता. 'स' फ्रेंचच्या वाटेने इंग्रजीत शिरला. म्हणून केल्ट.

हे नाव लिखाणात पहिल्यांदा दिसतं ते ग्रीकांकडे. इ.स.पू. ५०० च्या सुमारास हेकाटायस सांगतो की मस्सालिया, म्हणजे आजचं मार्सेय, केल्टांच्या प्रदेशाजवळ आहे. पुढे हेरोडोटस लिहितो की इस्त्रोस नदी, म्हणजे डॅन्यूब, केल्टांच्या देशात पिरेने नावाच्या गावापाशी उगम पावते. आणि हे केल्ट 'हर्क्युलिसच्या खांबां'पलीकडे, म्हणजे जिब्राल्टरच्या पुढे, युरोपच्या जवळजवळ पश्चिम टोकाला राहतात. आता डॅन्यूब उगम पावते जर्मनीच्या ब्लॅक फॉरेस्टात, आणि पिरेने हे नाव स्पेन-फ्रान्स सीमेवरच्या पिरेनीज डोंगरांची आठवण करून देतं. हेरोडोटसला पश्चिम युरोपचा भूगोल धड माहीत नव्हता, एवढाच याचा अर्थ. पण या दोन-तीन ओळींवर दीडशे वर्षं भांडणं झाली आहेत. ज्यांना केल्ट मध्य युरोपातले हवे होते त्यांनी डॅन्यूब धरून ठेवली. ज्यांना अटलांटिक किनाऱ्यावरचे हवे होते त्यांनी खांब धरून ठेवले.

ज्युलियस सीझरचं वाक्य जास्त भरवशाचं आहे, कारण तो तिथे आठ वर्षं लढला. गॉलचे, म्हणजे ढोबळमानाने आजच्या फ्रान्सचे, तीन भाग आहेत, असं सांगून तो म्हणतो, त्यांपैकी एका भागातले लोक स्वतःच्या भाषेत स्वतःला केल्टे म्हणतात, आमच्या भाषेत त्यांना गॅली म्हणतात. म्हणजे आजच्या फ्रान्सच्या मधल्या पट्ट्यात निदान काही लोक हे नाव स्वतः लावत होते. 'हिंदू'सारखं हे नाव सबंध बाहेरून चिकटलेलं नाही, पण त्याची पुढची वाढ मात्र बाहेरूनच झाली.

कारण एक गोष्ट अशी की प्राचीन काळातल्या एकाही ग्रीक किंवा रोमन लेखकाने ब्रिटनच्या किंवा आयर्लंडच्या रहिवाशांना केल्ट म्हटलेलं नाही. ते ब्रिटनचे, हे हिबर्नियाचे, म्हणजे आयर्लंडचे, लोक; केल्ट पलीकडच्या भूमीवरचे. इ.स. ४०० मधल्या आयरिश माणसाला कुणी सांगितलं असतं की तू केल्ट आहेस, तर तो बुचकळ्यात पडला असता. डब्लिनच्या दुकानांतलं ते 'केल्टिक' जेमतेम तीनशे वर्षांचं आहे.

ते कसं आलं? १५८२ साली जॉर्ज ब्यूकॅनन या स्कॉटिश पंडिताने ठिकाणांची नावं ताडून पाहिली आणि म्हटलं, ब्रिटन बेटांवरच्या जुन्या भाषा आणि गॉलांची भाषा एकमेकींच्या नात्यातल्या दिसतात. १७०३ मध्ये पेझ्रों नावाच्या ब्रेटन, म्हणजे फ्रान्सच्या वायव्य टोकाच्या ब्रिटनी प्रांतातल्या, धर्मगुरूने आपली ब्रेटन भाषा ही जुन्या केल्टांचीच असं मांडलं. आणि १७०७ मध्ये एडवर्ड लॉइडने खरं काम करून दाखवलं. हा ऑक्सफर्डच्या ॲश्मोलियन संग्रहालयाचा प्रमुख. वेल्स, स्कॉटलंड, आयर्लंड, कॉर्नवॉल असं चार वर्षं फिरून त्याने शब्द गोळा केले. ब्रिटनीत पोचल्यावर तिथल्या अधिकाऱ्यांनी त्याला गुप्तहेर समजून पकडलं. वह्याच वह्या घेऊन लोकांना 'दात'ला काय म्हणता, 'गाई'ला काय म्हणता असं विचारत फिरणारा परका माणूस संशयास्पद वाटणारच. क्षेत्रकार्य केलेल्या कुठल्याही भाषाशास्त्रज्ञाला हा प्रसंग परका नाही.

या बेटांवरच्या भाषांना 'केल्टिक' हे नाव रूढ झालं ते तेव्हापासून. तेव्हा 'केल्टिक' हे मुळात भाषाकुलाचं नाव आहे आणि त्याचा अर्थ तिथे सगळ्यांत पक्का आहे. भाषा, भांडी-हत्यारं आणि रक्त या तीन गोष्टी एकाच गाठोड्यात बांधून एकोणिसाव्या शतकाने 'केल्ट लोक' नावाची जात घडवली. गाठोडं सोडलं की तिन्हींचे रस्ते वेगळे दिसतात.

भाषेचा रस्ता कलकत्त्यावरून जातो, हा आपला खरा संबंध. २ फेब्रुवारी १७८६ रोजी एशियाटिक सोसायटीत भाषण करताना विल्यम जोन्स म्हणाला की संस्कृत, ग्रीक आणि लॅटिन एकाच मुळातून निघाल्या असाव्यात, आणि गॉथिक व केल्टिक यांचाही उगम तोच मानायला आधार आहे. जोन्सचे वडील वेल्सच्या अँगलसी बेटावरचे, गणिती. वर्तुळाच्या गुणोत्तराला π हे चिन्ह १७०६ मध्ये त्यांनीच पहिल्यांदा वापरलं. मुलाने अंदाज बरोबर बांधला, पण केल्टिकचं नातं सिद्ध व्हायला आणखी अर्धं शतक गेलं. १८३८ मध्ये फ्रांझ बोपने ते दाखवलं, आणि १८५३ मध्ये योहान कास्पर त्सोइस याने आयरिश भिक्षूंनी लॅटिन पोथ्यांच्या समासांत लिहून ठेवलेल्या टिपा वाचून जुन्या आयरिशचं व्याकरण उभं केलं.

उशीर का झाला? कारण केल्टिक भाषांनी मूळचा 'प' गिळून टाकला. घराण्यातल्या सगळ्यांचं नाक एकसारखं आणि एकाच भावाला नाकच नाही, मग ओळख पटायची कशी? संस्कृत 'पितृ', लॅटिन 'पातेर', आणि आयरिश मात्र 'अहर' (लिहिताना 'अथिर'सारखं). संस्कृत 'पूर्ण', आयरिश 'लान'. लॅटिनमध्ये मासा 'पिस्किस', जुन्या आयरिशमध्ये 'इअस्क'. इटलीतलं मिलान शहर जुन्या काळी 'मेदिओलानुम', म्हणजे बहुतेक 'मधलं मैदान'; लॅटिनच्या 'प्लानुम'मधला 'प' त्यात नाही, यावरूनच कळतं की गावाचं नाव रोमनांनी ठेवलेलं नाही.

माझा वर्गातला आवडता दाखला म्हणजे वर्किंगेतोरिक्स. इ.स.पू. ५२ मध्ये अलेसियाला सीझरशी झुंजलेला गॉलांचा सेनानी. नाव तोडलं की 'वेर' + 'किंगेतो' + 'रिक्स'. 'किंगेतो' म्हणजे योद्धे. 'रिक्स' म्हणजे राजा, संस्कृत 'राज्' आणि लॅटिन 'रेक्स'चा भाऊ. आणि 'वेर' म्हणजे वर! संस्कृत 'उपरि'चा प्राकृतात 'उवरि' झाला, मराठीत 'वर' उरला. तिकडे त्याच मुळातला 'प' केल्टिकने टाकला आणि 'वेर' उरला. शब्द एकच, झीज मात्र दोन खंडांत स्वतंत्रपणे झाली, आणि दोन्हीकडे जवळजवळ तेच शिल्लक राहिलं. 'योद्ध्यांच्या वरचा राजा' हे मराठी मुलांना फारसं समजावून सांगावं लागत नाही.

पण अशा साम्यांत एक सापळा असतो. वेल्शमध्ये पाचला 'पिम्प' म्हणतात. 'पंच'शी किती जुळतं! पण केल्टिकने तर 'प' गिळला होता ना? झालं असं की मूळ शब्दातला पहिला 'प' आधी 'क्व'मध्ये बदलला, शब्दात दोन 'क्व' झाले, आणि पुढे वेल्शच्या शाखेत सगळे 'क्व' 'प' झाले. म्हणजे 'पंच'मधला 'प' जुना, 'पिम्प'मधला नवा. आयरिशमध्ये तोच शब्द 'कूग' आहे. नुसत्या उच्चाराच्या सारखेपणावर नातं जोडणाऱ्यांनी हे उदाहरण भिंतीवर लावून ठेवावं.

या 'रिक्स'चा आणखी एक उपयोग आहे. जर्मन 'राइख', म्हणजे राज्य, हा शब्द जर्मानिक भाषांनी केल्टिककडून उचललेला आहे. त्यातला स्वर केल्टिक पद्धतीने बदललेला आहे, जर्मानिक पद्धतीने नाही. इंग्रजी 'आयर्न' आणि जर्मन 'आयझेन' हे लोखंडाचे शब्दही बहुतेक केल्टिककडूनच आले. म्हणजे लोहयुगाच्या आरंभी जर्मानिक बोलणारे आणि केल्टिक बोलणारे शेजारी होते आणि राज्य नि लोखंड या दोन्ही बाबतींत केल्टांचं पारडं जड होतं. उसन्या शब्दांवरून कोण कुणाकडे शिकायला गेलं ते बरोबर कळतं.

आता भांडी-हत्यारांकडे. ऑस्ट्रियात साल्झबर्गच्या पूर्वेला डोंगर आणि तळं यांच्या मधल्या चिंचोळ्या जागेत हॉलश्टाट नावाचं गाव आहे. वर डोंगरात मिठाची खाण, जी आजही चालू आहे. १८४६ मध्ये खाणीचा व्यवस्थापक योहान गेओर्ग रामसाउअर याला तिथे सांगाडे सापडले. पुरातत्त्वाचं शिक्षण नसलेल्या या माणसाने १८६३ पर्यंत सुमारे ९८० कबरी उघडल्या आणि प्रत्येकीची नोंद ठेवली. जलरंगात चित्रं काढून घेतली. त्या काळात बाकीचे उत्खनक सोनं उचलून मडकी फेकून देत होते, हे लक्षात घ्या. कबरींमध्ये बाल्टिककडचा अंबर होता आणि तलवारीच्या मुठीला हस्तिदंत. एवढ्या आडगावात ही श्रीमंती आली मिठातून. मीठ म्हणजे मांस टिकवणं, आणि मांस टिकवणं म्हणजे हिवाळा काढणं.

मिठाने लाकूड, कातडं, कापड, सगळं जपून ठेवलं आहे. खाणीत सापडलेला लाकडी जिना इ.स.पू. १३४४-४३ मधल्या झाडांचा आहे. १७३४ मध्ये तर एक अख्खा खाणकामगार मिठात गाडलेला सापडला होता; गावकऱ्यांनी त्याला पुरून टाकलं, आणि आज आम्ही हात चोळत बसतो. २०२१ मध्ये खाणीतल्या माणसांच्या वाळलेल्या विष्ठेची तपासणी झाली: २७०० वर्षांपूर्वीचा तो कामगार निळ्या बुरशीचं चीज खाऊन बिअर प्यायलेला होता.

दुसरं ठिकाण स्वित्झर्लंडमधलं ला तेन. १८५७ मध्ये नॉयशातेल तळ्याचं पाणी उतरलं तेव्हा तळाशी खांब आणि लोखंडी हत्यारं दिसली. १८७४ मध्ये हान्स हिल्डब्रांड या स्वीडिश अभ्यासकाने युरोपच्या लोहयुगाचे दोन भाग केले, आधीचा हॉलश्टाट आणि नंतरचा, इ.स.पू. ४५० पासूनचा, ला तेन. मग कुणीतरी नकाशावर डॅन्यूबचा उगम पाहिला, हेरोडोटस आठवला, आणि समीकरण जमलं: हॉलश्टाट म्हणजे पहिले केल्ट, ला तेन म्हणजे पसरलेले केल्ट. वाचकाने वाचलेलं पुस्तक याच समीकरणाचं. विसाव्या शतकातली बहुतेक पुस्तकं याचीच.

(हॉलश्टाट नावातलं 'हाल' म्हणजे केल्टिक 'मीठ', असं प्रवासी पुस्तिकांत छापतात. वेल्शमध्ये मीठ 'हालेन' खरं, पण तो 'स'चा 'ह' वेल्शच्या शाखेत नंतर झाला. आयरिशमध्ये अजून 'सालन'च आहे. ऑस्ट्रियात इतक्या आधी 'ह' कुठून येणार?)

त्या काळातल्या सरदारांच्या कबरी पाहिल्या की हे समीकरण सोडवत नाही, हेही खरं. फ्रान्समध्ये सेन नदीच्या वरच्या अंगाला विक्स येथे १९५३ मध्ये इ.स.पू. ५०० च्या सुमाराची एका स्त्रीची कबर उघडली. तिच्यासोबत ग्रीक कारागिरांनी घडवलेलं काशाचं भांडं होतं: उंची १.६४ मीटर, वजन २०८ किलो, सुमारे ११०० लिटर मावतील एवढं. बाईच्या उंचीएवढं मद्यपात्र! श्टुटगार्टजवळच्या होखडोर्फच्या कबरीत १९७८-७९ मध्ये एक उंच पुरुष पावणेतीन मीटर लांबीच्या काशाच्या बाकावर झोपलेला सापडला. जोड्यांना सोन्याचे पत्रे, उशाशी नाही पण पायाशी मधाच्या दारूचा पाचशे लिटरचा हंडा, आणि भिंतीला नऊ पेयशिंगं. डॅन्यूबच्या काठी हॉयनेबुर्गला तर कुणा सरदाराने भूमध्यसागरी थाटाची कच्च्या विटांची तटबंदी बांधली होती, ती जर्मनीच्या पावसात. हौसेला मोल नसतं म्हणतात, ते तेव्हाही नव्हतं.

पण हे लोक केल्टिक बोलत होते हे कशावरून? त्यांनी लिहून काही ठेवलेलं नाही. येवल्याची पैठणी हैदराबादच्या कपाटात सापडली म्हणून ते घर मराठी ठरत नाही. सगळ्यांत जुने केल्टिक भाषेतले लेख मिळतात ते हॉलश्टाटच्या पट्ट्याबाहेर, आल्प्सच्या दक्षिणेला, उत्तर इटलीतल्या तळ्यांच्या भागात, इ.स.पू. सहाव्या शतकातले, एत्रुस्कन लिपीवरून घेतलेल्या अक्षरांत. या भाषेला लेपोंतिक म्हणतात. स्पेनमध्ये सारागोसाजवळच्या बोतोरिता इथे १९७० पासून काशाच्या पत्र्यांवरचे लेख मिळाले, तेही निखळ केल्टिक, आणि तिथे ला तेन शैलीच्या वस्तू जवळजवळ नाहीतच. भाषा एकीकडे, भांडी दुसरीकडे. आयर्लंडमध्येही ला तेन शैली आहे, पण थोडकी आणि उशिराची. माणसांच्या लोंढ्याबरोबर आली असं म्हणण्याइतकी नाही.

हे सगळं पुढे आल्यावर विसाव्या शतकाच्या अखेरीस जुना सिद्धांत डळमळला. मग पुरातत्त्वज्ञ बॅरी कनलिफ आणि केल्टिक भाषांचे अभ्यासक जॉन कॉक यांनी उलट टोक धरलं: केल्टिक भाषा मुळातच अटलांटिक किनाऱ्यावर घडली आणि कांस्ययुगातल्या सागरी व्यापारातून वाढली. कॉक यांनी पोर्तुगालच्या दक्षिणेकडचे तार्तेसियन शिलालेख केल्टिक म्हणून वाचले. मलासुद्धा काही वर्षं ही कल्पना भुरळ घालत होती. समुद्र जोडतो, डोंगर तोडतात, हे कोकणातल्या माणसाला पटायला वेळ लागत नाही. पण ते शिलालेख मी स्वतः कॉक यांच्या पद्धतीने लावून पाहिले तेव्हा शब्द सुटत होते, वाक्यं सुटत नव्हती. बहुतेक केल्टिक अभ्यासकांनाही ते वाचन पटलेलं नाही.

२०२० मध्ये केल्टिकचे अभ्यासक पॅट्रिक सिम्स-विल्यम्स यांनी मधली वाट दाखवली. केल्टिक स्थलनामांचा दाट थर कुठे आहे, केल्टिकला लागून कुठल्या भाषा होत्या, हे पाहिलं तर उगम ना ऑस्ट्रियात ना पोर्तुगालमध्ये, तर आजच्या फ्रान्सच्या आसपास कुठेतरी, इ.स.पू. पहिल्या सहस्रकाच्या आरंभाच्या आगेमागे. तिथून पूर्वेला डॅन्यूबकडे, दक्षिणेला इटली आणि स्पेनकडे, उत्तरेला बेटांकडे. माझं मत आज या बाजूला आहे. सीझरचं 'स्वतःला केल्टे म्हणवणारे' लोकही नेमके तिथलेच.

आणि इथे लिव्हीची एक दंतकथा आठवते. रोमचा हा इतिहासकार सांगतो की फार पूर्वी बितुरिगेस जमातीचा अंबिगातुस नावाचा राजा होता (आजचं फ्रान्समधलं बूर्ज शहर त्या जमातीचं नाव अजून सांभाळून आहे). माणसं फार झाली म्हणून त्याने आपल्या बहिणीच्या दोन मुलांना नवी भूमी शोधायला पाठवलं. कौल काढला, सेगोवेसुसच्या वाट्याला पूर्वेची जर्मन अरण्यं आली, बेल्लोवेसुसच्या वाट्याला इटली. लिव्ही हे घटनेनंतर सहाशे वर्षांनी लिहितोय, तेव्हा तपशिलांवर विसंबू नये. पण राजाने मुलांना का नाही पाठवलं? भाच्यांना का?

२०२४ मध्ये याचं अनपेक्षित उत्तर मिळालं. दक्षिण जर्मनीतल्या सरदारी कबरींमधल्या हाडांचं डीएनए तपासलं गेलं. होखडोर्फचा तो सोन्याच्या जोड्यांचा उंच माणूस, आणि तिथून दहाएक किलोमीटरवर आस्पेर्गच्या कबरीतला तसाच श्रीमंत पुरुष, हे बहुतेक मामा-भाचे निघाले. म्हणजे सत्ता बहिणीच्या बाजूने सरकत होती. जुन्या आयरिशमध्ये 'निअ' असा शब्द आहे, अर्थ बहिणीचा मुलगा. तो संस्कृतच्या 'नपात्' या शब्दाचा सख्खा भाऊ (मधला 'प' गेला, नेहमीप्रमाणे), आणि त्याच मुळातून आपला 'नातू' आला. आपल्याकडे हा शब्द नातवाचा झाला, केल्टांकडे भाच्याचा. कबर, दंतकथा आणि शब्द तिन्ही एकाच नात्याकडे बोट दाखवतात, असं या विषयात फार क्वचित घडतं.

डीएनएचं बाकी काय म्हणणं आहे? आयर्लंड, वेल्स, कॉर्नवॉल, स्कॉटलंड इथले लोक एकाच 'केल्टिक रक्ता'चे नाहीत. २०१५ च्या ब्रिटनव्यापी पाहणीत या भागांतले गट एकमेकांपासून चांगलेच वेगळे निघाले. इ.स.पू. २४०० च्या सुमारास खंडातून आलेल्या लोकांनी ब्रिटनची सुमारे नव्वद टक्के वंशपरंपरा बदलली, पण तो काळ केल्टिकसाठी फार लवकरचा वाटतो. २०२१ च्या अखेरीस ७९३ जणांच्या नव्या नमुन्यांवरून दिसलं की इ.स.पू. १००० ते ८७५ या काळात, बहुधा फ्रान्सच्या बाजूने, दक्षिण ब्रिटनमध्ये मोठी आवक झाली आणि इंग्लंड-वेल्सच्या लोहयुगीन लोकांची जवळपास निम्मी वंशपरंपरा तिची होती. त्यानंतरच्या लोहयुगात तेवढी मोठी आवक दिसत नाही. भाषा या लोकांबरोबर आली असावी, हा अंदाज मला सयुक्तिक वाटतो. डीएनए बोलत नाही, इतकंच लक्षात ठेवायचं. तंजावरला मराठी कशी पोचली हे तिथल्या हाडांवरून ओळखता आलं नसतं.

स्पेनच्या गोष्टीचा उगम वेगळा. अकराव्या शतकात आयरिश विद्वानांनी आपल्या बेटाचा इतिहास बायबलच्या वंशावळीला जोडून लिहिला आणि 'स्पेनच्या मील'चे मुलगे आयर्लंडला आले असं सांगितलं. लॅटिनमध्ये आयर्लंड 'हिबर्निया' आणि स्पेनचं जुनं नाव 'इबेरिया'. पंडितांना एवढा ध्वनिसारखेपणा पुरला. ड्रुइड-द्रविड जुळवणारे आजचे लोक काही नवीन करत नाहीत.

लिखित इतिहासात केल्ट घुसतात ते धाडीने. इ.स.पू. ३९० (ही रोमनांची पारंपरिक तारीख, ग्रीक हिशेबाने ३८७-८६) मध्ये सेनोनेस जमातीने ब्रेन्नुसच्या हाताखाली रोम लुटलं. हजार पौंड सोनं तोलताना रोमनांनी वजनांबद्दल कुरकुर केली, तेव्हा त्याने आपली तलवार वजनांच्या पारड्यात टाकली, असं लिव्ही लिहितो. इ.स.पू. ३३५ मध्ये डॅन्यूबकाठी अलेक्झांडरने केल्टांच्या दूतांना विचारलं, तुम्हाला सगळ्यांत जास्त भीती कशाची वाटते? त्याला आपलं नाव ऐकायचं होतं. ते म्हणाले, आभाळ कोसळण्याची. इ.स.पू. २७९ मध्ये केल्ट टोळ्या ग्रीसमध्ये डेल्फीपर्यंत गेल्या. पुढच्याच वर्षी बिथिनियाचा राजा निकोमेदेस याने त्यांच्यातल्या काहींना आपल्या भाऊबंदकीत भाडोत्री म्हणून आशियात उतरवलं. लिव्हीच्या मते वीस हजार माणसं, त्यांतली निम्मीच शस्त्रधारी. बाकी अर्थातच बायका-पोरं, म्हणजे राहायच्याच तयारीने आली होती. आजच्या तुर्कस्तानात अंकाराभोवती ती स्थिरावली, मुलखाला गॅलेशिया नाव पडलं, आणि बायबलमधलं पौलाचं पत्र त्याच मुलखाला आहे. चौथ्या शतकाच्या अखेरीस संत जेरोम लिहितो की गॅलेशियातली बोली आणि जर्मनीतल्या ट्रिअरची बोली जवळजवळ एकच आहे. साडेसहाशे वर्षं, चहूबाजूंनी ग्रीक, आणि तरी घरात गॉलांची भाषा!

आता ग्रुपवरचा संदेश. 'द्रविड' आणि 'ड्रुइड' यांचा काहीही संबंध नाही. 'ड्रुइड' हा मूळ 'द्रु-विद्'. 'विद्' म्हणजे जाणणं, आपल्या 'वेद' आणि 'विद्वान'मधला. 'द्रु' म्हणजे झाड किंवा लाकूड, आपल्या 'द्रुम'मधला; काहींच्या मते इथे त्याचा अर्थ 'पक्कं, भक्कम' असा घ्यावा. म्हणजे झाड जाणणारा किंवा पक्कं जाणणारा. नातं द्रविडांशी नाही, वेदांशी आहे. सीझर सांगतो की काही ड्रुइड वीस वर्षं शिकत, सगळं पद्यात तोंडपाठ करत. इतर व्यवहारांना ग्रीक अक्षरं वापरायचे, पण विद्या लिहिणं त्यांना वर्ज्य होतं. पाठांतर करणाऱ्या घराण्यांच्या देशातल्या वाचकाला हे ओळखीचं वाटेल. पण याचा अर्थ कुणी भारतातून तिकडे गेलं असा नाही. दोन्ही भाषा एका तिसऱ्याच घरातून निघाल्या, आणि ते घर बहुसंख्य अभ्यासक काळ्या समुद्राच्या उत्तरेच्या गवताळ प्रदेशात, पाचेक हजार वर्षांमागे मानतात.

याच संदेशाबरोबर सहसा एक फोटोही फिरतो: डेन्मार्कच्या दलदलीत १८९१ मध्ये सापडलेला गुंडेस्ट्रुपचा चांदीचा हंडा. त्यावर शिंगं असलेला, मांडी घालून बसलेला देव, भोवती प्राणी. शेजारी मोहेंजोदडोची 'पशुपती' मुद्रा. दिसायला सारखे आहेतच. पण मधे दोनेक हजार वर्षांचं अंतर आहे, हंडा बहुधा आजच्या बल्गेरियाच्या बाजूच्या थ्रेशियन कारागिरांचा आहे, आणि त्या देवाची शिंगं हरणाची आहेत, मुद्रेवरची रेड्याची किंवा बैलाची.

डब्लिनमध्ये असाल तर किल्डेअर स्ट्रीटवरचं राष्ट्रीय संग्रहालय पाहाच, पण सवड काढून कॉर्कच्या विद्यापीठातही जा. तिथे एका ओवरीत ओघम लिपीचे दगड मांडले आहेत. आयर्लंडच्या मातीतले भाषेचे सगळ्यांत जुने लेख हेच, साधारण चौथ्या ते सातव्या शतकातले. दगडाच्या कडेवर नुसत्या रेघा असतात. खालून वर वाचायच्या. बहुतेकांवर 'माकि' हा शब्द सापडेल, म्हणजे 'मुलाचा': अमक्याच्या मुलाचा हा दगड. तोच पुढे 'मॅक' झाला. वेल्शमध्ये तो 'माप', मग 'मॅब' आणि 'अप'; प्राइस आडनाव म्हणजे 'अप रीस', रीसचा मुलगा. तुमच्या ऑफिसात एखादा मॅक आणि एखादा प्राइस असेलच. 'पिम्प' आणि 'कूग'मधली फाळणी त्या दोघांच्या आडनावांतही आहे.